ट्रॉम्सो : जेथें सारा दिवस हीच संध्या

"आजोबा, तेथें सकाळच होत नाहीं, तर मुलांची शाळा भरते तरी केव्हां ?"

आमच्या सात वर्षांच्या नातीनें हा प्रश्न विचारला तेव्हां घरांत प्रवासाची बांधाबांध चालली होती. एकीकडे लोकरीचे पायमोजे आणि कानटोप्या यांचा ढीग, दुसरीकडे थालिपिठाची भाजणी, मेतकूट आणि सुंठवडा यांच्या पुड्या, आणि मधोमध ही चिमुरडी उत्तराची वाट पाहत उभी. प्रश्नांचीं उत्तरें देणें हीच ज्याची तीस वर्षांची उपजीविका, त्या मला त्या वेळीं "तेथें जाऊन पाहतों आणि मग सांगतों" एवढेंच म्हणतां आलें. प्रस्तुत लेख म्हणजे तें सांगणें होय. तें नातीपुरतें न ठेवतां वाचकांपुढें मांडीत आहें, याचें कारण असें कीं, तिच्या प्रश्नाचें उत्तर शोधतांना माझ्याच एका जुन्या चुकीची मला ओळख पटली. आणि शिक्षकाची चूक ही त्याच्या एकट्याची कधींच नसते.

ट्रॉम्सो हें नगर नॉर्वे देशाच्या उत्तर भागांत, सुमारें ६९ अंश ४० कला उत्तर अक्षांशावर, एका बेटावर वसलेलें आहे. पुणें साडेअठरा अंशांवर, काशी सव्वापंचवीस अंशांवर, श्रीनगर चौतीस अंशांवर, हें ध्यानांत घेतलें म्हणजे हें अंतर किती आहे याची कल्पना येईल. उत्तर ध्रुववृत्त ओलांडूनहि आणखी सुमारें ३५० किलोमीटर वर जावें तेव्हां हें गांव लागतें. इ. स. १७९४ मध्यें त्याला नगराचा दर्जा मिळाला, त्या वेळीं तेथें अवघीं ऐशींच्या आसपास माणसें राहत होतीं. आज लोकसंख्या पाऊण लाखाच्या वर गेली असून तेथें विद्यापीठ आहे, रुग्णालय आहे, विमानतळ आहे आणि डोंगराच्या पोटांतून कोरलेले मोटारींचे भुयारी रस्तेहि आहेत. या बोगद्यांत चक्क चौकहि आहेत, हें पाहून आमच्या मंडळींना मोठें नवल वाटलें.

येवढ्या उत्तरेस माणसें राहतात तरी कशीं, असा प्रश्न कोणासहि पडेल. सैबेरियांतील नोरिल्स्क हें शहर जवळजवळ याच अक्षांशावर आहे, आणि तेथें जानेवारींत पारा शून्याखालीं पंचवीस अंशांच्या आसपास असतो. ट्रॉम्सोचें जानेवारींतील सरासरी तपमान मात्र शून्याखालीं चारच अंश. अटलांटिक महासागरांतून उष्ण पाण्याचा जो प्रवाह ईशान्येकडे वाहत येतो, तो नॉर्वेच्या सगळ्या किनाऱ्याला ऊब देतो. त्याच्याच कृपेनें येथील बंदर हिंवाळ्यांतहि गोठत नाहीं. बर्फ मात्र विपुल. १९९७ सालच्या एप्रिलांत येथें जमिनीवर २४० सेंटिमीटर बर्फ सांचला होता; म्हणजे उंच माणसानें हात वर केला तरी तो बुडावा !

गेल्या जानेवारींत पुण्याहून वीस-बावीस प्रवाशांची एक मंडळी तिकडे निघाली होती. चिरंजीव आणि सूनबाई यांनीं आमचें नांव परस्पर त्यांत घातलें आणि "नाना, आतां नाहीं म्हणूं नका" असें सांगून माझी बोलतीच बंद केली. तेथें पोंचल्यावर नगर दाखविण्यासाठीं एक स्थानिक बाई वाटाड्या म्हणून मिळाली. वय पन्नाशीचें, बोलणें मोजकें आणि घड्याळाची शिस्त अशी कीं, मला आमच्या हेडमास्तरांची आठवण व्हावी. तिनें प्रथम प्रत्येकाच्या हातीं रबराचे, खालून खिळे असलेले पट्टे दिले आणि ते बुटांवर चढवावयास लावले. "पावलें आंखूड टाका, हात खिशांत घालूं नका, आणि वर पाहावयाचें असेल तेव्हां आधीं थांबा." हे तीन नियम तिनें आमच्याकडून म्हणवूनच घेतले. पुढें रस्त्यांत एक सत्तरी उलटलेल्या आजीबाई भेटल्या. लोखंडी पट्ट्यांवर उभ्या केलेल्या खुर्चीसारख्या एका ढकलगाडीला धरून, एका पायानें मागें रेटीत, त्या खुर्चीवर भाजीची पिशवी ठेवून बर्फावरून त्या वाऱ्यासारख्या निघून गेल्या. आम्ही बावीसजण मात्र एकमेकांचे दंड धरून उभे होतों !

आमचें नगरदर्शन सकाळीं अकरा वाजतां सुरू झालें. मीं अंधाराची तयारी ठेवली होती. खिशांत विजेरीसुद्धां होती. परंतु गाडींतून बाहेर पाहतों तों दक्षिणेकडे डोंगरांच्या मागें आकाश केशरी झालेलें, त्याच्यावर पिवळसर, त्याच्यावर फिकट हिरवट आणि माथ्यावर गडद निळें. खालीं बर्फ, समुद्र, घरांचीं छपरें, सर्व कांहीं निळसर रंगांत न्हालेलें. रस्त्यावरची पाटी स्वच्छ वाचतां येत होती. सूर्य कोठेंच नव्हता, पण अंधारहि नव्हता. आपल्याकडे अरुणोदयाच्या वेळीं दोन-चार मिनिटें जी शोभा दिसते, ती येथें उभी ठाकली होती, आणि हालत नव्हती. तासभर गेला तरी ती तशीच. फक्त केशरी पट्टा दक्षिणेच्या क्षितिजावरून डावीकडून उजवीकडे किंचित् सरकला. अडीचनंतर ती शोभा हळूहळू विझूं लागली, आणि तीनच्या पुढें तिन्हीसांजा होऊन दिवे खरे वाटूं लागले.

गाडी समुद्राच्या सामुद्रधुनीवरील उंच पुलावरून पलीकडे गेली. हा पूल १९६० मध्यें खुला झाला आणि त्याची लांबी एक किलोमीटरहून थोडी जास्त आहे. त्यापूर्वी पलीकडे जावयाचें तर होडीवांचून गत्यंतर नव्हतें. पूल उतरतांच समोर तें प्रसिद्ध शुभ्र देवालय दिसतें. यान इंगे होविग या स्थापत्यकारानें योजलेलें हें चर्च १९६५ सालीं पुरें झालें. दोहों बाजूंस अकरा-अकरा काँक्रीटचे त्रिकोणी पाखे एकापुढें एक उभे केले आहेत, आणि त्यांवर ॲल्युमिनियमचा पत्रा चढविलेला आहे. दुरून पाहणाऱ्यास बर्फाच्या कड्यांची रांगच वाटावी. पूर्वेकडील भिंत रंगीत कांचांची असून ती १९७२ मध्यें बसविण्यांत आली. आंत दिवे लावले म्हणजे त्या कांचांचा रंग बाहेरच्या बर्फावर सांडतो. ज्या गांवांत दोन महिने सूर्य येत नाहीं, तेथें देवळाच्या भिंतीला कांच लावावी, आणि ती आंतून उजळावी, यांतील औचित्य न सांगतां कळण्यासारखें आहे. गांवांतील जुनें मुख्य चर्च मात्र लाकडी, १८६१ सालचें आहे.

आतां माझ्या चुकीकडे वळतों. उत्तर ध्रुवावर सहा महिन्यांचा दिवस आणि सहा महिन्यांची रात्र असते, हें वाक्य मीं किती वेळां फळ्यावर लिहिलें असेल याची गणती नाहीं. वाक्य बरोबरच आहे. परंतु बोलतां बोलतां 'ध्रुवावर' हा शब्द 'ध्रुवाकडच्या प्रदेशांत' असा सैल झाला, 'रात्र' म्हणजे अमावास्येचा काळोख असा अर्थ न सांगतांच त्याला चिकटला, आणि मुलें नकाशाच्या वरच्या कडेवर बोट ठेवून "तेथें सहा महिने काळोख" असें खुशाल सांगूं लागलीं. मीं त्यांना पुरे गुण दिले.

वस्तुस्थिति अशी आहे. सहा महिन्यांची रात्र ठीक ध्रुवबिंदूवरची. तेथून जसजसें खालीं यावें तसतशी ती आंखूड होत जाते. ट्रॉम्सो येथें सूर्य साधारण २७ नोव्हेंबरला शेवटचा दिसतो आणि १५ जानेवारीच्या सुमारास पुन्हा क्षितिजाशीं येतो. दक्षिणेकडे डोंगर आडवे असल्यामुळें गांवांतील लोकांस तो २१ जानेवारीपर्यंत दिसत नाहीं. उलट २० मेपासून २२ जुलैपर्यंत तो मावळतच नाहीं. राहिलेल्या सात-आठ महिन्यांत तेथेंहि आपल्यासारखे रोजचे दिवस आणि रोजच्या रात्री होतात, कमीअधिक लांबीच्या इतकेंच.

शिवाय ही दोन महिन्यांची 'रात्र' देखील काळोखी नव्हे. २१-२२ डिसेंबरच्या अगदीं ऐन दुपारीं तेथें सूर्य क्षितिजाखालीं तीनच अंश असतो. पुण्यास सूर्य मावळल्यानंतर सुमारें दहा मिनिटांनीं तो इतका खालीं जातो. त्या वेळीं आपल्या अंगणांत किती उजेड असतो हें कोणत्याहि गृहिणीला विचारावें. अंगणांतलें वाळवण उचलण्याइतका तो सहज असतो. फरक इतकाच कीं, आपल्याकडे सूर्य जवळजवळ सरळ खालीं उतरतो म्हणून तो उजेड चटकन् सरतो. तेथें तो क्षितिजाला घासून तिरका जातो, म्हणून वर्षांतील सर्वांत अंधाऱ्या दिवशींहि चार तासांहून अधिक वेळ टिकतो. आम्ही गेलों त्या आठवड्यांत तर तो सहा तास होता.

या गोष्टीची जाणीव मला कोणत्याहि पुस्तकापेक्षां सकाळच्या संध्येच्या वेळीं अधिक झाली. उतारूगृहांतील खोलींत मी सात वाजतां स्नान करून पळी-पंचपात्र घेऊन बसलों. बाहेर मिट्ट काळोख. सूर्योदयाला अर्घ्य द्यावयाचें, आणि वेळ टळली तर प्रायश्चित्ताचें एक अर्घ्य अधिक द्यावयाचें, हा आपला परिपाठ. परंतु जेथें सूर्य उगवतच नाहीं तेथें वेळ टळली असें म्हणावें तरी केव्हां ? पूर्वेकडे तोंड करावें तर तिकडे काळा डोंगर. उजेड यावयाचा तो पुढें दक्षिणेकडून, जी आपण यमाची दिशा मानतों! संध्या म्हणजे संधि, रात्र आणि दिवस यांचा सांधा. येथें प्रातःसंध्या वाढत वाढत दुपारीं सायंसंध्येलाच जाऊन मिळते. मध्यें दिवस म्हणून कांहीं येतच नाहीं. सारा दिवस हीच एक संध्या. शेवटीं मीं घड्याळ प्रमाण मानलें आणि शास्त्रार्थाचा घोळ चिरंजीवांच्या हंसण्यावर सोडून दिला.

अशा वेळीं लोकमान्यांची आठवण न होणें शक्यच नव्हतें. ऋग्वेदांतील उषेचीं सूक्तें, दीर्घ रात्रीचें भय, तीस उषांचा उल्लेख, देवांचा एक दिवस म्हणजे मनुष्यांचें एक वर्ष ही कल्पना, इत्यादि पुरावे एकत्र करून आर्यांचें मूळ वसतिस्थान उत्तरध्रुवाजवळ असावें असा सिद्धांत त्यांनीं मांडला, आणि १९०३ मध्यें तो इंग्रजी ग्रंथरूपानें प्रसिद्ध केला. राजद्रोहाच्या पहिल्या कारावासांत त्यांच्याजवळ ऋग्वेद होता, आणि तो मॅक्समुल्लरसाहेबांनीं पाठविलेला होता, ही हकीकत सर्वश्रुत आहे. माझ्या वडिलांच्या कपाटांत तो ग्रंथ होता. वडिलांची त्या सिद्धांतावर श्रद्धाच होती. घरीं कोणी शंका काढलेली त्यांस खपत नसे.

आजच्या विद्वानांस तो सिद्धांत मान्य नाहीं. भाषाशास्त्र आणि पुराणवस्तुशास्त्र हीं दोन्हीं आतां निराळ्या दिशेकडे बोट दाखवितात, आणि हिमयुगाविषयींचें ज्ञानहि लोकमान्यांच्या काळापेक्षां पुष्कळ पुढें गेलें आहे. हें मी जाणून आहें, आणि ट्रॉम्सो पाहून आल्यानें तें बदलत नाहीं. सुंदर उषा पाहिली म्हणून पूर्वज तेथेंच राहत होते असें अनुमान काढणें हा तर्क नव्हे. परंतु परत आल्यावर तो ग्रंथ मीं पुन्हा उघडला, आणि त्याच्या तिसऱ्या प्रकरणाशीं थबकलों. ध्रुवबिंदूवरचीं लक्षणें कोणतीं आणि ध्रुवाभोंवतालच्या प्रदेशांतील लक्षणें कोणतीं, हें लोकमान्यांनीं तेथें निरनिराळें मांडलें आहे : ध्रुवाभोंवतालच्या प्रदेशांत रात्र चोवीस तासांहून मोठी पण सहा महिन्यांहून लहान, वर्षाचे तीन भाग, एक दीर्घ रात्र, एक दीर्घ दिवस आणि उरलेल्या काळांत रोजचे दिवसरात्र, सूर्य नेहमीं दक्षिणेकडे. मीं ट्रॉम्सो येथें चार दिवस डोळ्यांनीं पाहिलें तें हेंच. पुण्याच्या माणसानें पुण्यांत बसून, केवळ गणितानें आणि वाचनानें, तें शंभर वर्षांपूर्वी अचूक लिहून ठेवलें होतें. वडिलांनीं त्याखालीं पेन्सिलीनें रेघहि ओढली होती. सिद्धांताचा अभिमान आम्हीं बाळगला; पान मात्र मीं नीट वाचलें नव्हतें.

दुसऱ्या दिवशीं आम्हांला बंदराकाठचें ध्रुवप्रवासाचें संग्रहालय दाखविण्यांत आलें. १८३० च्या दशकांतील जकातीच्या लाकडी वखारींत तें मांडलें आहे. येथूनच सीलच्या आणि अस्वलांच्या शिकारीसाठीं माणसें उत्तर समुद्रांत जात आणि कित्येकदां परत येत नसत. तेथें मन गुंतलें तें रोआल्ड आमुंडसेन याच्या हकीकतींत. १९११ च्या १४ डिसेंबरला दक्षिण ध्रुवावर प्रथम पोंचलेला हा पुरुष. पुढें उंबेर्तो नोबिले या इटालियन विमानविद्येबरोबर १९२६ सालीं तो हवाई जहाजांतून उत्तर ध्रुवावरून गेला. परंतु श्रेय कोणाचें यावरून दोघांचें बिनसलें. १९२८ मध्यें नोबिलेचें दुसरें जहाज बर्फावर कोसळलें, तेव्हां त्याच्या शोधासाठीं आमुंडसेन १८ जूनला याच ट्रॉम्सोहून विमानानें निघाला. नोबिले पुढें वांचला. आमुंडसेन परत आला नाहीं. विमानाचे कांहीं भाग तेवढे समुद्रांत सांपडले. बंदराजवळ त्याचा पुतळा आहे. भांडण झालेल्या माणसासाठीं प्राण पणाला लावणारा पुरुष म्हणून आमच्यांतील बायकांनीं त्याला नमस्कार केला, आणि वाटाड्या बाई क्षणभर गप्प झाली.

दुपारीं सामी लोकांच्या एका वाडीवर गेलों. सामी हे या उत्तर प्रदेशाचे मूळ रहिवासी. रेनडियर पाळणें हा त्यांच्यांतील अनेकांचा परंपरागत व्यवसाय. घसरगाडींत बसून रेनडियरांनीं ओढलेली एक फेरी झाली, आणि मग तंबूंत मधोमध पेटविलेल्या आगटीभोंवतीं सर्व बसलों. शाकाहारी मंडळींना भाज्यांचें कढत सार आणि भाकरीसारखी रोटी मिळाली. आमच्यांतील एका व्यापारी गृहस्थांनीं "आपलीं जनावरें एकंदर किती ?" असें विचारलें. यजमान हंसून म्हणाला, "तुमच्या पेढींत रक्कम किती, असें मीं विचारलें तर चालेल काय ?" सामी लोकांत हा प्रश्न विचारूं नये असा रिवाज आहे. आमच्या गृहस्थांनीं तत्काळ कान धरले.

परंतु त्याच्या बोलण्यांतील दुसरी गोष्ट मला अधिक लागली. नॉर्वेच्या सरकारी शाळांतून कित्येक पिढ्या सामी भाषा बोलण्यास मनाई होती. मुलांना वसतिगृहांत ठेवावयाचें आणि केवळ नॉर्वेजियन भाषेंतच शिकवावयाचें, असा तो काळ. यजमानाची आजी घरीं सामी बोले, पण मुलांशीं बोलतांना आवाज खालीं आणीत असे. १९८९ मध्यें सामी लोकांची स्वतःची प्रतिनिधिसभा सुरू झाली, आणि १९९७ मध्यें राजे पांचवे हाराल्ड यांनीं त्या सभेपुढें या अन्यायाबद्दल क्षमा मागितली. हें ऐकतांना मी आगटीकडे पाहत राहिलों. ती मनाई कायद्यानें केली असेल. मुलांच्या तोंडून भाषा काढून घेतली ती मात्र आमच्या धंद्यांतल्या माणसांनीं, आणि बहुधा आपण त्यांचें हितच करीत आहों अशा समजुतीनें. माझ्या 'सहा महिने काळोखा'ची चूक त्यापुढें क्षुल्लक वाटली, परंतु जात तीच : मुलें खरें मानतात, म्हणून सांगणाऱ्याची जोखीम मोठी.

मंडळींतील बहुतेकांचें खरें लक्ष उत्तरप्रकाशाकडे होतें. पहिली रात्र ढगांनीं खाल्ली. दुसऱ्या रात्रीं वाटाड्या बाईनें हवामानाचा नकाशा पाहून गाडी किनारा सोडून आंत, स्किबोटनच्या बाजूस काढली. समुद्रावरून येणारे ढग मधल्या उंच डोंगरांवर रिते होतात, म्हणून तिकडचें आकाश पुष्कळदां निरभ्र असतें. आपल्या सह्याद्रीपलीकडच्या पर्जन्यछायेसारखेंच हें. शंभर किलोमीटरांहून अधिक जाऊन एका मोकळ्या जागीं उतरलों. प्रथम मीं ध्रुव शोधला. पुण्यास तो साडेअठरा अंशांवर, इमारतीआड जाण्याइतका खालीं. येथें तो सत्तर अंशांवर, मान पार मागें टाकावी तेव्हां दिसणारा. सप्तर्षि येथें कधींच मावळत नाहींत, आणि आपला अगस्त्य कधींच उगवत नाहीं.

अकराच्या सुमारास उत्तरेकडे एक पांढुरका पट्टा दिसला. मला तो ढगच वाटला. सूनबाईंनीं मोबाईलवर त्याचें छायाचित्र घेतलें तों तो हिरवा ! मंद प्रकाशांत आपल्या डोळ्यांना रंग नीट कळत नाहींत, यंत्राला कळतात. पुढें मात्र तो पट्टा उजळला, त्याला चुण्या पडल्या, आणि वाऱ्यावर पडदा हालावा तसा तो आकाशभर हालूं लागला. तेव्हां डोळ्यांनाहि हिरवा दिसला, आणि खालच्या कडेला क्षणभर गुलाबी. आवाज कसलाच नाहीं. आमच्यांतील बोलकीं माणसेंहि गप्प होतीं.

याचें कारण आतां चांगलें ठाऊक आहे. सूर्यापासून विद्युद्भारित कणांचा ओघ सतत बाहेर पडत असतो. पृथ्वीचें चुंबकत्व त्या कणांना चुंबकीय ध्रुवांभोंवतालच्या एका कड्याकडे वळवितें, आणि शंभर किलोमीटर व त्याहून अधिक उंचीवर ते हवेच्या अणूंवर आदळले म्हणजे प्राणवायु हिरवा व तांबडा आणि नत्रवायु गुलाबी-जांभळा प्रकाश देतो. ट्रॉम्सो बरोबर त्या कड्याखालीं येतें. क्रिस्तियान बिर्कलंड या नॉर्वेजियन शास्त्रज्ञानें विसाव्या शतकाच्या आरंभीं हवा काढलेल्या पेटींत चुंबकाचा लहानसा गोल टांगून त्यावर अशी प्रभा उत्पन्न करून दाखविली. हवेंतील नत्रापासून खत करण्याची रीत काढणारांतहि तो एक होता. रामायणाच्या किष्किंधाकांडांत सुग्रीव उत्तरेकडे जाणाऱ्या वानरांस सोमगिरीविषयीं सांगतो. तेथें सूर्य नसूनहि तो देश त्या पर्वताच्या तेजानें उजळलेला असतो. ही ओळ त्या रात्रीं मनांत आली खरी. तिच्यावरून कांहीं सिद्ध करण्याचा मोह मीं आवरला. वडील असते तर त्यांना तो आवरला नसता.

तिसऱ्या दिवशीं पाळण्यांतून ४२१ मीटर उंचीच्या डोंगरमाथ्यावर गेलों. पायीं चढणाऱ्यांसाठीं तेथें बाराशेंहून अधिक दगडी पायऱ्या आहेत, आणि त्या बांधल्या आहेत नेपाळांतून आलेल्या शेर्पांनीं ! हिमालयाच्या माणसांचे हात ध्रुववृत्तापलीकडे लागलेले पाहून आम्हांस घरचें माणूस भेटल्यासारखें झालें. वरून दक्षिणेकडचीं शिखरें गुलाबी झालेलीं दिसलीं. सूर्य त्यांना दिसत होता, आम्हांला नाहीं.

आणि मग २१ जानेवारी उजाडली, म्हणजे पावणेनऊला आकाश करडें झालें. सूर्य परत येण्याचा हा दिवस या गांवीं सण मानतात. त्या दिवशीं 'सूर्याचे पाव' म्हणून गोड तळलेले गोल पाव घरोघरीं आणि शाळाशाळांतून वाटतात. आकाशांत ढग दाट होते, आणि बर्फ भुरभुरत होता. मला वाईट वाटलें. परंतु रस्त्यानें बालवर्गाच्या मुलांची एक रांग चालली होती. सर्वांच्या अंगांत पिवळीं जाकिटें, त्यांवर मोटारीच्या दिव्यांत चमकणाऱ्या पट्ट्या, आणि तोंडाला साखर लागलेली. मैदानाच्या कडेला उभीं राहून तीं दक्षिणेकडे तोंड करून मोठमोठ्यानें गात होतीं. मीं वाटाड्या बाईला म्हटलें, "पण सूर्य तर दिसत नाहीं !" ती म्हणाली, "तो आला आहे. ढग आमचे आहेत."

मला आमचा आषाढ आठवला. आठ-आठ दिवस सूर्यदर्शन नाहीं, तरी पागोळ्यांच्या आंत उभें राहून वडील नेमानें अर्घ्य देत. सूर्य दिसला नाहीं म्हणून त्यांचें पाणी कधीं थांबलें नाहीं. त्या दिवशीं दुपारीं मीं खोलीच्या खिडकीशीं, यमाची दिशा म्हणून न कचरतां, दक्षिणेकडे तोंड करून अर्घ्य दिलें.

घरीं आल्यावर नातीला सांगितलें, "शाळा तेथेंहि घड्याळाप्रमाणेंच, साधारण तुझ्याच वेळेला भरते. मुलें चमकणारे पट्टे लावून अंधारांत शाळेंत जातात आणि अंधारांतच घरीं येतात. मधल्या सुट्टींत मात्र त्यांना आकाशांत केशरी रंग दिसतो. आणि तेथें सकाळ होत नाहीं हें खरें नव्हे. तेथें सकाळ फार वेळ होते. सूर्य तेवढा येत नाहीं." ती थोडा विचार करून म्हणाली, "मग आजोबा, तुम्ही आईला सहा महिने काळोख असतो असें कां सांगितलें होतें ?"

सूनबाई माझीच विद्यार्थिनी, हें सांगावयाचें राहिलें. पुरे गुण मिळविणाऱ्यांत तिचाहि नंबर होता. मीं त्याच वेळीं पाटी मागविली, आणि दोघींनाहि गोल काढून पहिल्यापासून समजावून दिलें.